अकरा महिन्यांचा करार

लिहून देणार: विमल पुंजाजी पगारे, वय त्रेसष्ट, राहणार जेल रोड, नाशिकरोड.
लिहून घेणार एक: सारथे रोंगपी, सिक्युरिटी, रात्रपाळी.
लिहून घेणार दोन: मोनजित केंप्राय, अंबडला कंपनीत, दिवसपाळी.

टायपिस्टनं विचारलं, भाऊ भाऊ का?
दोघांनी दोन भिंतींकडं पाहिलं.

कागद मी उजेडात धरला. सवय.
एकतीस वर्षं प्रेसमध्ये हेच केलं,
ताव मोजले, डाग शोधले.
एक ताव कमी भरला तर गेट उघडत नसे,
घरी पोरगं तापानं फणफणत असलं तरी.
हे ताव पुढं कुठं जातात, आम्हाला कुणी सांगितलं नाही.

सारथे म्हणाला, मावशी,
आमचा करारही असल्याच कागदावर झाला असेल.
कुठल्या खोलीचा?
खोलीचा नाही. डोंगराचा.

मग तुकड्यातुकड्यानं कळत गेलं.
ह्यानं स्टेडियममध्ये रांगेत उभं राहून बंदूक टेबलावर ठेवली,
शाल मिळाली, फोटो निघाला,
पैशाचा पहिला हप्ता आला, दुसरा वाटेत आहे.
थोरला भाऊ सहीवाल्यांत नव्हता.
तो नदीपलीकडं आहे की नदीतच, ठाऊक नाही.

आणि मोनजितचं गाव त्याच नदीच्या दुसऱ्या काठावर.
ह्याच्या लोकांनी त्याचं गाव जाळलं, त्याच्या लोकांनी ह्याचं.
आधी कुणी, ह्याला
दोन काठांवर दोन तारखा आहेत.

इथं मात्र दोघांना एकच नाव, बहादूर.
कोपऱ्यावरची पोरं ‘ए चायनीज’ म्हणतात,
त्या हाकेला दोघंही वळतात.

खोलीत गादी एकच मावते.
हा सकाळी सातला येतो, तो सहा-चाळीसला निघतो.
मधली वीस मिनिटं गादी कुणाचीच नसते.
पहिले चार महिने एकमेकांशी बोलले नाहीत,
पण सारथे एकदा म्हणाला, थंडीत बरं पडतं,
गादी गरम असते.

मग सुक्या मासळीची तक्रार आली.
वरच्या मजल्यावरून कलम सुचवण्यात आलं.
त्या दिवशी पहिल्यांदा दोघं मिळून माझ्या दारात,
इस्त्रीचे शर्ट घालून, शिष्टमंडळच म्हणा.
बोलायचं कुणी, ते जिन्यातच ठरवून आले होते.
मी म्हटलं, माझा बोंबील काय अत्तर आहे?
कलम खोडलं.

देवळालीला तोफा सुरू झाल्या की
आमच्या मांडणीतली ताटं वाजतात.
आम्ही हात लावून ती धरतो नि बोलणं पुढं चालू ठेवतो.
एका रविवारी मी जिन्यातून ओरडले,
सराव आहे रे, सराव!
दोघं उंबऱ्यात उभे.
एकाच्या मुठीत दुसऱ्याची बाही.
कुणाच्या मुठीत कुणाची, ते मी पाहिलं नाही.

आता अकरावा महिना.
नव्या करारात क्रमांक एक मोनजित, असं ठरलंय,
आपसांत, मला न विचारता.

पण काल दुपारपासून तिकडचे फोन लागत नाहीत.
कुठलातरी रस्ता बंद, बाजार बंद,
कुणाचं तरी काहीतरी जळालं,
काय आणि कुणाचं, ते बातमीत नाही.
दोघं पायरीवर बसलेत, मध्ये एक पायरी सोडून.
सारथे ड्यूटीवर गेला नाही.
मोनजितही.
चहा दिला, दोघांनी घेतला.
कप विसळून ठेवले, आपापले.

मी स्टँपवेंडरकडं निघाले.
पाचशेचा कागद.
पोरगा म्हणाला, आजी, त्यांना सोबत आणायचं ना.
म्हटलं, नावं दोन्ही टाक.
सह्यांची जागा मोकळी ठेव.
आणि जरा मोठी ठेव,
केंप्रायची सही लांबलचक असते.